ल्युपिनची हजार फुलं

अमेरिकेहून परत आल्यापासून तासगावातल्या बायका मला एकच विचारतात, काय काय पाहिलं? तो मोठा धबधबा? नाही. तो मशालवाला पुतळा? तोही नाही. मग एवढे दिवस केलं काय? मी सांगते, एक झुडूप पाहिलं. त्यावर त्या एकमेकींकडे बघतात आणि विषय बदलतात. म्हटलं, एकदा नीट लिहूनच काढावं.

सनीव्हेल

माझ्या पायाला भिंगरी आहे असं माझी आई म्हणायची. नोकरीही तशीच मिळाली. केंद्रप्रमुख म्हणून स्कूटरवरून कवठेमहांकाळ नि जतच्या शाळा पालथ्या घातल्या. निवृत्त झाले तरी घरात बूड टेकत नाही. अशा बाईला अमेरिकेतल्या सनीव्हेल गावी दुसऱ्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये बसवून ठेवणं म्हणजे शिक्षाच.

तिथे माझा धाकटा भाऊ आणि भावजय राहतात. दोघंही सकाळी निघून जातात. भावाला न्यायला कंपनीची बस येते, भावजय गाडीनं जाते. मग दिवसभर त्या फ्लॅटमध्ये मी आणि आमचे हे. ह्यांना काही त्रास नव्हता. हे द्राक्षांच्या कोल्ड स्टोरेजमध्ये हिशेबनीस होते, आयुष्यभर थंड जागी बसायची सवय. गॅलरीत खुर्ची टाकून समोरच्या पार्किंगमधल्या गाड्या बघत बसायचे. मी भावजयीचं स्वयंपाकघर दोनदा लावलं. तिसऱ्यांदा हात घातला तेव्हा ती गोड आवाजात म्हणाली, "ताई, मला आता हिंगसुद्धा सापडत नाहीये." मग मी रस्त्यावर फेऱ्या मारू लागले. स्वच्छ रस्ता, सुंदर झाडं, आणि चिटपाखरू नाही.

जीव थाऱ्यावर नव्हता त्याचं कारण मुक्ता. आमची एकुलती एक. तिकडेच वनस्पतिशास्त्रात पीएचडी करते. चार वर्षं घरी आलेली नाही. दर वेळी काहीतरी निघायचं, कधी व्हिसा, कधी फील्डवर्क. शेवटी तीच म्हणाली होती की हा उन्हाळ्याचा हंगाम नीट पार पडला तर प्रबंध लिहून होईल आणि डिसेंबरमध्ये ती कायमची परत येईल. हंगाम बिघडला तर आणखी एक वर्ष. मी डिसेंबरचं तिकीट काढून मोकळी झाले. सांगलीच्या एका कॉलेजात शब्द टाकला. वरच्या खोलीला रंग दिला.

आणि आम्ही उतरलो त्याच दिवशी ही पोरगी आमच्या बॅगेतला गठ्ठा घेऊन डोंगराकडे पळाली. गठ्ठा कसला, तर पोटल्यांचा. लग्नात अक्षता नाहीतर सुपारी बांधून देतात ना, त्या झिरझिरीत जाळीच्या, सोनेरी किनारीच्या. सांगलीच्या बाजारातून मुद्दाम आणायला सांगितल्या होत्या. तिकडे महाग मिळतात म्हणे. आईबापांना मिठी मारली, पोटल्या मोजल्या आणि गेली. तीन आठवड्यांनी आम्हांला न्यायला आली तेव्हा मी चपला घालूनच दारात उभी होते.

घाटापलीकडे

योसेमिटीच्या राखीव डोंगररानातून वर जाणारा घाट उन्हाळ्यातच उघडतो. जून महिना, आणि रस्त्याच्या कडेला बर्फ. ह्यांनी गाडी थांबवायला लावून बर्फाला हात लावला आणि तोच हात डोळ्यांना लावला. मुक्ता हसली. "बाबा, ते तीर्थ नाहीये, कुणाचे तरी बूट पडलेत त्याच्यावर."

घाट उतरला आणि सगळं पालटलं. हिरवं संपलं. भुरी माती, खुरटी झुडपं, वर निळं कोरडं आभाळ. मुक्ता सांगत होती की समुद्राकडून येणारे ढग पश्चिमेच्या उतारावरच रिकामे होतात, इकडे काही उरत नाही. मला कशाला सांगायला हवं ते. महाबळेश्वरला धो धो आणि जतमध्ये ठणठणाट, हे बघतच माझी नोकरी झाली. फरक एवढाच की जतमध्ये मैलभरात कुणीतरी भेटतं आणि चहाला या म्हणतं. इथे मैलोन्मैल काही नाही. ओठ फुटले, नाकातून थोडं रक्त आलं, पण खरं सांगते, त्या फ्लॅटपेक्षा मला इथे बरं वाटत होतं.

डोंगराच्या कुशीत एका ओढ्याकाठी त्यांची छावणी होती. तिथे तन्वी भेटली, मुक्ताच्या प्रयोगशाळेतली. आईवडील मूळचे नागपूरचे, ही जन्मली न्यू जर्सीत, आयसेलिनजवळ. मराठी सगळं कळतं, उत्तर मात्र इंग्रजीत. वाकून नमस्कार केला आणि म्हणाली, "काकू, युअर पोटलीज आर अ हिट."

मग मुक्ता आम्हांला उतारावर घेऊन गेली आणि ते झुडूप दाखवलं. ल्युपिन. कमरेइतकं उंच. पानं हाताच्या पसरलेल्या बोटांसारखी, आणि त्यांवर रुपेरी लव. त्या लवेमुळे ऊन परतून जातं आणि पानातलं पाणी टिकतं. पावसाचा थेंब नाही, पायाखाली नुसती वाळू, आणि त्यातून हे सरळ वर आलेले जांभळे तुरे. एकेक फूल वालाच्या फुलासारखं, पण वालाला असा वास नाही. दुपारच्या उन्हात सगळा उतार गोड वासानं भरला होता.

"ह्याला ग्रेप सोडा ल्युपिन म्हणतात," मुक्ता म्हणाली. "द्राक्षाच्या सोड्यासारखा वास येतो म्हणून."

ह्यांनी नाक लावून हुंगलं. उभा जन्म द्राक्षांत गेलेला माणूस. "हा द्राक्षाचा वास नव्हे," म्हणाले. "पण छान आहे."

प्रत्येक फुलाच्या वरच्या पाकळीवर पिवळा ठिपका असतो. मधमाशी येऊन गेली की तो हळूहळू किरमिजी होतो, मग दुसरी माशी तिथे वेळ घालवत नाही. मुक्ताचा प्रयोग ह्याच माश्यांचा. झुडपावरचा एक तुरा कळीत असतानाच पोटलीत बांधायचा, म्हणजे माशी आत जाणार नाही. पुढे शेंगा किती धरतात, दाणे किती भरतात, ते मोजायचं. आमच्या लग्नाच्या पोटल्या त्या रानात झुडपाझुडपावर बांधलेल्या बघून मला हसूच आलं.

"बाबा, आई, एकच सांगते," मुक्ता म्हणाली. "जाळी लावलेल्या तुऱ्यांना प्लीज हात लावू नका."

आम्ही कशाला लावतोय हात?

छावणी

तंबूत राहायची माझी पहिलीच वेळ. खाण्याची प्रत्येक वस्तू लोखंडी पेटीत कुलूपबंद ठेवायची, कारण अस्वल येतं. ह्यांनी बाळकृष्णासमोरचा खडीसाखरेचा नैवेद्यही मुकाट्यानं पेटीत नेऊन ठेवला. आमचा बाळकृष्ण पितळेचा, अंगठ्याएवढा, डबीत बसून आमच्याबरोबर सगळीकडे येतो.

एवढ्या उंचीवर डाळ शिजत नाही. मी कुकर लावला. तिसऱ्या शिट्टीला शेजारच्या तंबूतला एक पांढऱ्या दाढीचा माणूस कुत्र्याला घेऊन धावत आला. सगळे ठीक आहेत ना, असं विचारत होता. त्याला बसवला आणि आमटीभात वाढला. डोळ्यांतून पाणी येईपर्यंत खाल्लं बिचाऱ्यानं, आणि दुसऱ्या दिवशी जेवायच्या वेळेला बरोबर हजर.

मुक्ता आणि तन्वी दिवसभर उतारावर. छोट्या स्टुलावर बसून माश्या मोजायच्या. मी दर तासाला वर जायची. पाणी नेऊन दे, टोपी नेऊन दे, सावलीला छत्री धरू का विचार.

"आई, यार, एका जागी बस ना," मुक्ता म्हणायची. "तुझी सावली पडली तरी माश्या उडतात."

"किती राहिलं अजून?"

"दोन आठवडे. मग शेंगा धरल्या की झालं."

मी मनातल्या मनात डिसेंबरपर्यंत जाऊन यायची. नव्या खोलीला पडदे कुठले लावायचे, तेही ठरलं होतं. ह्यांना बोलून दाखवलं तर म्हणाले, "अगं, आधी तिला येऊ तर दे."

हजार नावं

त्या सकाळी मी ओढ्यावरून तोंड धुऊन आले तर हे बाकापाशी पाट मांडून बसलेले. सोवळं नेसून, उघड्या अंगानं, त्या थंडीत. समोर बाळकृष्ण, आणि पुढ्यात मोठ्या ताटात जांभळ्या फुलांची रास. एकेक नाव घेत होते आणि एकेक फूल वाहत होते. बाळकृष्ण फुलांत बुडाला होता, नुसता मुकुट दिसत होता. त्या थंड हवेतही वास दरवळत होता.

"अहो, ही कुठनं आणलीत?"

ह्यांनी हातानंच थांब म्हटलं, नाव पुरं केलं आणि हसले. "वरनं. मुक्ताचं काम तडीस जावं म्हणून हजार नावांची अर्चना करतोय. पोटली बांधलेल्या एकालाही हात लावला नाही हं. मोकळ्या तुऱ्यांतलेच घेतले."

आमच्याकडे सकाळी फिरायला जाणारे पुरुष असतात ना, हातात पिशवी, लोकांच्या कुंपणाबाहेर आलेली जास्वंद आणि तगर खुडत जाणारे, त्यातलेच हे. पण ह्यांचा एक नेम आहे. एका झाडाचं सगळं ओरबाडायचं नाही. प्रत्येकाचं थोडं, आणि त्यातलं जे उत्तम फुललेलं असेल तेवढंच देवाला.

मुक्ता दात घासत तंबूतून बाहेर आली. ताटाकडे बघितलं. ब्रश तोंडातच राहिला. मागून तन्वी आली. "काका," ती हळूच म्हणाली, "यू पिक्ड दीज? फ्रॉम द प्लॉट?"

मुक्ता तशीच वर चालू लागली. मी मागे. ती एका झुडपापाशी वाकली, खालची पानं बाजूला केली. तिथे देठाला बारीक तारेनं बांधलेली एक पत्र्याची चकती होती, नखाएवढी. चकतीच्या वर देठ खुडलेला. पुढचं झुडूप, तेच. त्याच्या पुढचं, तेच.

"हे काय आहे?" मी विचारलं.

"जाळीतल्या तुऱ्याची तुलना ज्याच्याशी करायची तो तुरा. मोकळा. माश्या ह्याच्यावर मोजल्यात, तीन आठवडे." ती पुढे सरकत होती, वाकत होती, उठत होती. "प्रत्येक झाडावरचा सगळ्यात चांगला फुललेला निवडला होता मी."

बापलेकीची नजर एकच. तिनं प्रयोगासाठी जे निवडलं तेच ह्यांनी देवासाठी निवडलं.

"बाबांनी प्रत्येकाचा एकच घेतलाय," ती म्हणाली. "एकाच झाडाचे सगळे तोडले असते ना, तर एकच झाड गेलं असतं, चाललं असतं, आई."

"तू तर म्हणालीस जाळीला हात लावू नका."

"हो ना. माझीच चूक. इथे कुणी फुलं तोडतच नाही. आपल्याकडे सकाळी उठून तोडतात, हे माझ्या डोक्यातच आलं नाही."

जिनं वीस वर्षं रोज सकाळी बापाची पिशवी ताम्हणात रिकामी केली, तिच्या डोक्यात आलं नाही.

खाली आलो तर ह्यांना तन्वीनं तोडक्यामोडक्या मराठीत सगळं सांगितलेलं होतं. हातात एक फूल तसंच. "मुक्ता," हे म्हणाले, "अर्चना थोडी राहिली आहे. पुरी करू की ठेवू?"

"करा पुरी, बाबा. आता काय."

ह्यांनी पुरी केली, पण आवाज ऐकू येईना. मग बाळकृष्णाला डबीत ठेवला आणि मला म्हणाले, "मी आज काही खाणार नाही."

वरचा उतार

मला हातावर हात ठेवून बसता येत नाही. पाणी गळत असेल तर मी बादली शोधते. दुसरं झुडूप घे, दुसरा तुरा घे, तुझ्या सरांना फोन कर, असं माझं चालूच. शेवटी तन्वीच म्हणाली की वरच्या उतारावर ल्युपिन उशिरा फुलतं, आत्ता तिथे कळ्याच असतील. "अँड मुक्ता, वी हॅव लास्ट इयर्स काउंट्स फ्रॉम देअर टू. इट कुड वर्क."

"मग चला," मी म्हटलं.

मुक्तानं चकत्यांची पुडी खिशात टाकली. तन्वी ह्यांच्यासोबत खाली थांबली. मी उरलेल्या पोटल्या पिशवीत भरल्या आणि आम्ही दोघी निघालो. चढ वाळूचा. एक पाऊल वर, अर्धं खाली. हवा विरळ, छाती भात्यासारखी चाललेली. पण मी पुढे आणि मुक्ता मागे. वर एका वळणापलीकडे पुन्हा ती रुपेरी पानं दिसली. सगळा उतार भरून. तुरे अजून हिरवट, कळ्या घट्ट मिटलेल्या. मला इतका आनंद झाला म्हणून सांगू. मी गुडघ्यांवर बसले आणि पहिली पोटली बांधली. दुसरी बांधली. गाठ कशी मारायची ते एव्हाना मला येत होतं.

"मुक्ता, चकत्या काढ. अजून सगळं हातात आहे."

ती एका दगडावर बसली होती. चकत्या काढल्या नव्हत्या.

"आई, सकाळी ती रास बघितली ना बाबांच्या पुढ्यात, तेव्हा मला पहिल्यांदा काय वाटलं माहितीये?"

"काय?"

"बरं वाटलं."

मी तिसरी पोटली हातात धरून तशीच राहिले.

"एक सेकंदच," ती म्हणाली. "म्हटलं, सुटले. आता डिसेंबर नाही. मग लगेच लाज वाटली. तेव्हापासून मी ते ॲक्टिंगच करतेय, आई. वाईट वाटल्याचं." आणि ती रडायला लागली. लहानपणी रडायची तशीच, आवाज न करता.

मला संताप आला. त्याच्या खाली भीती होती, पण वर आला तो संतापच. "मग सांगायचं होतंस. मी तिकीट काढलं, कॉलेजात शब्द टाकला, खोलीला रंग दिला."

"सांगितलं असतं तर तू दुसऱ्या दिवशी विमानात बसली असतीस."

हे खरं होतं, त्यामुळे आणखीच लागलं.

"कुणी आहे का इथे?" मी विचारलं.

"कुणी नाही. असतं तर तुला सोपं गेलं असतं ना?" तिनं बाहीनं नाक पुसलं. "मला इथे आवडतं, आई. हे काम आवडतं. सकाळी उठले की आज काय करायचं ते मी ठरवते. पुढे काय, मला खरंच माहीत नाही. पण डिसेंबर जवळ यायला नको वाटतं."

वारा सुटला होता. त्या उतारावर आम्हा दोघींशिवाय कुणी नव्हतं.

"आणि आत्ता ह्या बांधल्या तर?"

"तर जमेल. तन्वी बरोबर बोलली. डिसेंबर जमेल." ती माझ्याकडे बघत होती. "तू म्हणशील तर मी बांधते. खरंच."

ती बांधणार होती. मी नुसतं चल म्हणायचा अवकाश, तिनं निमूट सगळा उतार बांधून काढला असता आणि डिसेंबरमध्ये माझ्या रंगवलेल्या खोलीत येऊन झोपली असती. मला ते हवं होतं. चार वर्षं दुसरं काही हवंच नव्हतं. मी उठले, दोन झुडपांभोवती उगीच फिरले, पुन्हा आले. मग खाली बसले आणि बांधलेल्या दोन पोटल्या सोडल्या. गाठी इतक्या पक्क्या मारल्या होत्या की नखं दुखली.

"बाबांना तू सांग," मी म्हटलं. "मी सांगणार नाही."

जेवण

खाली आलो तेव्हा उन्हं कलली होती. ह्यांनी देवावरची फुलं एका फडक्यात बांधून ठेवली होती, ओढ्यात सोडायची की नाही ते विचारायचं म्हणून. दिवसभरात पाण्याशिवाय काही घेतलं नव्हतं. मुक्ता समोर जाऊन उकिडवी बसली.

"वरती काम झालं का?" ह्यांनी विचारलं.

"बाबा, वरती जमलं असतं. मीच नको म्हटलं." तिनं सगळं सांगितलं. बरं वाटल्याचंही. काही गाळलं नाही. मी स्टोव्हपाशी पाठ करून उभी होते, पण कान तिकडेच.

हे फडक्याची गाठ चाचपत राहिले. मग म्हणाले, "म्हणजे तुला यायचंच नव्हतं."

"आत्ता तरी नाही, बाबा."

"मग हे सकाळीच सांगायचंस की. मी उगाच दिवसभर उपाशी बसलो." हे हसले. "वाढ गं मला. भूक लागलीये."

मुक्तानं लगबगीनं वाढलं. वरण, भात, वर तूप. हे जेवायला लागले, आम्ही तिघी मागून बसणार होतो. तन्वीला विचारलं, तुमच्याकडे भात करतात का रोज? शेजारच्या दाढीवाल्याच्या कुत्र्यावरून काहीतरी गंमत केली. आणखी भात मागून घेतला. मुक्ताचा चेहरा सैल झाला. तिला वाटलं बाबांनी मनावर घेतलं नाही. ती माझ्याकडे बघून जरा हसलीसुद्धा.

मी माझ्या पानातला पहिला घास तोंडात घातला. वरणात मीठच नव्हतं. भातातही नव्हतं. त्या गडबडीत मी साफ विसरले होते. खिचडीत मीठ जरासं कमी पडलं तरी ताट सरकवणारा माणूस दुसऱ्यांदा वाढून घेतलेला भात चवीनं संपवत होता.

मिठाची डबी माझ्या हाताशी होती. मी ती पुढे केली नाही.